दाबोळीवर बॉम्ब पडले, पुढे काय?

बऱ्याच दिवसांनी लिहितेय. निमित्त नेहमीचंच. १९ डिसेंबर आला की आमच्या आजोळच्या ग्रुपवर लढाई जुंपते. गोवामुक्तीची खरी लढाई छत्तीस तासांत आटोपली होती, आमची चांगली तीन-चार दिवस चालते. सेनापती दोन, मोठा मामा आणि धाकटा मामा. बाकी आम्ही सगळे नुसते अंगठे आणि जोडलेले हात पाठवणारे बघे.

यंदा सलामी मोठ्या मामानं दिली. कुठूनतरी पुढे ढकललेला मजकूर होता. सारांश असा, की पोर्तुगिजांनी १९५५ सालीच गोव्याला आंतरराष्ट्रीय विमानतळ बांधून दिला होता, तिथून कराचीला, पार लिस्बनला जाता यायचं, आणि भारतानं १९६१ मध्ये बॉम्ब टाकून तो नेस्तनाबूत केला. खाली रडका चेहरा. अर्ध्या तासात धाकट्या मामाचं उत्तर हजर. आपल्या वायुदलानं दाबोळी बेचिराख केली, शत्रूची विमानं जागच्या जागी जाळली, अभिमान बाळगा. खाली तिरंगे, मोजून अकरा.

मी दोघांचीही भाची. दोघांनीही मला लहानपणी खांद्यावर बसवून बोगमाळोच्या किनाऱ्यावर नेलेलं आहे, त्यामुळे ग्रुपवर गप्प बसले. पण दोघंही चुकताहेत, आणि ज्या गोष्टीवर खरंच भांडायला हवं तिच्याबद्दल दोघांपैकी एकानंही आजवर चकार शब्द काढलेला नाही. ते सांगितल्याशिवाय चैन पडेना, म्हणून इथे. (मामा, दुवा दोघांनाही पाठवणार आहे. आधी शेवटपर्यंत वाचा, मग फोन करा.)

मोठ्या मामापासून सुरुवात करते, तो मोठा आहे म्हणून. "बांधून दिला" यातलं ते 'दिला' मला फार खटकतं. कोणी, कोणाला आणि कशासाठी दिला? १९५४ च्या जुलै-ऑगस्टमध्ये दादरा आणि नगर हवेली पोर्तुगिजांच्या हातून गेलं. सुधीर फडके, राजाभाऊ वाकणकर यांच्यामुळे ही गोष्ट मराठी घरांत निदान ऐकून तरी माहीत असते. तो मुलूख समुद्रापासून आत, चारी बाजूंनी भारत, आणि भारतानं पोर्तुगीज फौजेला वाट द्यायला साफ नकार दिला. दमणमध्ये बसून बघत राहण्यापलीकडे त्यांना काही करता आलं नाही. पोर्तुगालनं १९५५ मध्ये हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात दावा लावला. निकाल लागला १९६० मध्ये. साध्या माणसांना आणि मालाला जाण्यायेण्याचा हक्क होता, सैन्याला आणि शस्त्रांना नव्हता, असा.

पण लिस्बननं निकालाची वाट पाहिलीच नव्हती. रस्ता आणि रेल्वे भारताच्या हातात आहे हे त्यांना १९५४ मध्येच कळून चुकलं होतं. भारताची आर्थिक नाकेबंदीही तेव्हाच आवळायला लागली. १५ ऑगस्ट १९५५ ला सत्याग्रहींवर पोर्तुगिजांनी गोळ्या झाडल्या, माणसं मारली, आणि त्यानंतर तर सरहद्दीवरची ये-जा जवळजवळ बंदच झाली, आगगाडीसुद्धा. मग उरला समुद्र आणि उरलं आभाळ. म्हणून गोवा, दमण आणि दीव या तीनही ठिकाणी धावपट्ट्या झाल्या, आणि 'पोर्तुगीज इंडिया'ची स्वतःची विमान कंपनी निघाली, टीएआयपी नावाची. दाबोळीच्या पठारावरचा विमानतळ मे १९५५ मध्ये सुरू झाला. आपल्या किल्ल्यांना असते ना चोरदिंडी, वेढा पडला तर बाहेर निघायला? दाबोळी ही त्या राजवटीची चोरदिंडी होती. ती बांधताना चिखली-दाबोळीच्या लोकांना सुट्टीत लिस्बन बघता यावं असा विचार कोणी केला असेल, असं मला तरी वाटत नाही.

नावही काय दिलं, तर जनरल बेनार्द गेदिश विमानतळ. हे त्या काळात गोव्याचे गव्हर्नर जनरल होते. (विमानतळाला राज्यकर्त्यांचं नाव द्यायची हौस आपल्याकडे नंतर आली असा माझा समज होता. असो.)

आजी त्या दिवसांबद्दल बोलायची ती विमानांबद्दल कधीच नाही. ती बोलायची बटाट्यांबद्दल. नाकेबंदीमुळे बेळगावची भाजी बंद झाली आणि वास्कोच्या बाजारात चक्क हॉलंडचे बटाटे यायला लागले. तांदूळ पाकिस्तानातून, चहा सिलोनचा, सिमेंट जपानचं. हे सगळं बोटीनं मुरगाव बंदरात उतरायचं. मुंबईत असलेल्या सख्ख्या भावाला भेटायचं तर परवाने, शिक्के आणि चौकशा, पण बटाटा मात्र सात समुद्रांपलीकडचा! त्या बटाट्याला आपल्यासारखी चव नव्हती, हे आजीचं पोर्तुगीज राजवटीवरचं एकमेव आणि अंतिम मत होतं.

आता १८ डिसेंबर १९६१.

मी राहते पुण्यात, विमाननगरला. डोक्यावरून दिवसभर विमानं जातात आणि लढाऊ विमान गेलं की बोलणं अर्धवट थांबवून पुढे सुरू करायची आम्हा सगळ्यांना सवय झालेली आहे. त्यामुळे ही गोष्ट मला पहिल्यांदा कळली तेव्हा मी जराशी हादरलेच होते. दाबोळीवर बॉम्ब टाकणारी कॅनबेरा विमानं त्या सकाळी उडाली ती पुण्याहून, लोहगावहून. म्हणजे आज जिथे माझं घर आहे तिथून निघून ती माझ्या आजीच्या घरावरच्या पठारावर गेली होती. मोठा मामा तेव्हा नऊ वर्षांचा, आई सहाची, धाकटा मामा तीनचा. सगळे चिखलीच्या घरात.

पहिल्या फेरीत बारा कॅनबेरा, विंग कमांडर एन. बी. मेनन यांच्या नेतृत्वाखाली. काही मिनिटांत ६३ हजार पौंड, म्हणजे साडेअठ्ठावीस टनांच्या आसपास स्फोटकं धावपट्टीवर. काही तासांनी आठ कॅनबेरांची दुसरी फेरी, विंग कमांडर सुरिंदर सिंग यांची. दोन्ही वेळेस हुकूम एकच होता: धावपट्टी फोडायची, इमारतींना हात लावायचा नाही. आणि तसंच झालं. टर्मिनल उभं राहिलं. विमानतळाच्या आवारात दोन प्रवासी विमानं उभी होती, तीही तशीच राहिली.

समोरून प्रतिकार कितीसा असणार? पोर्तुगिजांकडे गोव्यात एकही लढाऊ विमान नव्हतं. विमानविरोधी तोफा होत्या त्या मोजक्या आणि जुनाट, आणि त्या चालवणारी माणसं म्हणे फुटबॉलचे संघ म्हणून गुपचूप आणलेली. दुसरा एक किस्सा पोर्तुगालमध्येही मिटक्या मारत सांगतात. रणगाडाविरोधी दारूगोळ्यासाठी सांकेतिक शब्द ठरला होता 'शोरीसु', म्हणजे आपल्या गोव्यातलं चोरीस. गोव्यातून तातडीचा निरोप गेला, शोरीसु पाठवा. लिस्बनहून विमानानं खरोखरच सॉसेजिस आले! खरं-खोटं त्यांचं त्यांना ठाऊक, पण दूर बसलेल्या सरकारांची ओळख असणाऱ्या कोणालाही हा किस्सा अशक्य वाटणार नाही. त्याच सरकारच्या प्रमुखानं, सालाझारनं, शरण यायचं नाही, लढून मरायचं, असा हुकूम गोव्याला धाडला होता. गव्हर्नर जनरल वासालु इ सिल्वा यांनी तो पाळला नाही. १९ तारखेच्या रात्री वास्कोत त्यांनी शरणागती लिहून दिली. त्या एका अवज्ञेमुळे किती घरं वाचली याचा हिशेब आमच्या ग्रुपवर कोणीच मांडत नाही, कारण तो दोन्ही मामांच्या गोष्टीत बसत नाही.

पण मला सांगायची आहे ती १८ च्या रात्रीची गोष्ट. दिवसभर दाबोळीच्या धावपट्टीचे तुकडे उडाले होते. अंधार पडल्यावर पोर्तुगिजांनी तिचा एक भाग घाईघाईनं बुजवला. उभ्या असलेल्या दोन विमानांत, एक सुपर कॉन्स्टेलेशन आणि एक डीसी-४, काही अधिकाऱ्यांची कुटुंबं बसवली. सुपर कॉन्स्टेलेशन हलकं व्हावं म्हणून जास्तीच्या खुर्च्या आणि सामान काढून फेकलं. जेमतेम ७०० मीटरात ते विमान उचललं गेलं. धावपट्टीवरच्या दगडामातीनं पोटाला भोकं पडली, एक टायर गेला, तरी गेलं. मागोमाग दुसरं. दिवे न लावता, समुद्राला अगदी लगटून, थेट कराची.

तर धाकट्या मामा, शत्रूची विमानं जागच्या जागी जळाली नाहीत. ती आपल्या लोकांनी मुद्दाम सोडली होती आणि त्यांत बायकापोरं बसून गेली. मला विचारशील तर साडेअठ्ठावीस टन स्फोटकं टाकूनही शेजारचं टर्मिनल आणि प्रवासी विमानं शाबूत ठेवणाऱ्या त्या वैमानिकांसाठी तू अकराच्या जागी बावीस तिरंगे टाक, मी काही म्हणणार नाही. पण 'बेचिराख' म्हणून त्यांचा अपमान तरी करू नकोस. आणि मोठ्या मामा, नेस्तनाबूत झालेल्या विमानतळावरून त्याच रात्री दोन मोठी विमानं उडत नाहीत.

आजी सांगायची, सकाळी नळे थरथरले आणि चुलीवरच्या भांड्यात छपराची माती पडली. रात्री उशिरा पुन्हा आवाज झाला तेव्हा तिनं तिन्ही मुलांना खाटेखाली ढकललं. ते विमान बॉम्ब टाकायला आलं नसून पळून चाललंय, हे तिला पुढे कधीतरी कळलं. "आम्ही त्यांना भ्यायलो आणि ते आम्हांला," एवढंच म्हणायची.

इथपर्यंतचं सगळ्यांना सांगायला आवडतं. बॉम्ब आहेत, पलायन आहे, सॉसेज आहे. आता यापुढचं, जे सांगायला कोणालाच आवडत नाही, कारण त्यात धडामधूम काही नाही, नुसते कागद आहेत.

धावपट्टी फुटली होती ती दुरुस्त होणारच होती. प्रश्न हा होता की दुरुस्त झाल्यावर ती कोणाची? एप्रिल १९६२ मध्ये दाबोळी नौदलाच्या ताब्यात गेली. त्या वेळी गोव्यावर लष्करी गव्हर्नर होते, मेजर जनरल कँडेथ, ज्यांनी मुक्तीच्या कारवाईचं नेतृत्व केलं होतं. जूनमध्ये ते गेले आणि नायब राज्यपाल आले. गोव्याची पहिली निवडणूक झाली डिसेंबर १९६३ मध्ये, आणि भाऊसाहेब बांदोडकर मुख्यमंत्री झाले ते त्याच महिन्यात, मुक्तीला दोन वर्षं पूर्ण होताना. तारखा पुन्हा एकदा बघा. गोव्याच्या माणसानं आयुष्यातलं पहिलं मत टाकण्याच्या दीड वर्ष आधी गोव्याच्या एकमेव विमानतळाचा निकाल लागून गेलेला होता. कोणी विचारलं नाही, कारण विचारायला कोणी निवडून आलेलंच नव्हतं. १९६४ मध्ये नौदलाचा हवाई तळ, आयएनएस हंसा, तमिळनाडूतून उठून इथे आला आणि कायमचा झाला.

मी नौदलाच्या विरोधात लिहितेय असा अर्थ काढणारे काढतीलच, म्हणून स्पष्टच लिहिते. १९६२ साली हा निर्णय वेडेपणाचा होता असं मला वाटत नाही. 'विक्रांत' नुकतीच आली होती, तिच्या विमानांना किनाऱ्यावर घर हवं होतं, कराची समोर होती, आणि पश्चिम किनाऱ्यावर तयार धावपट्टी आयती मिळत होती. पुढे १९८३ मध्ये सी हॅरियर आली, नंतर मिग-२९के आली, विमानवाहू नौकेवरून उडण्याचा सराव करण्यासाठी तिथे स्की-जंपही बांधला गेला. धावपट्टी नौदलानं सांभाळली, हवाई वाहतूक नियंत्रण नौदलानं चालवलं. नागरी विमानं उतरली ती त्यांच्याच भरवशावर. हे सगळं मान्य.

मान्य नाही ते हे, की युद्धाच्या धामधुमीत झालेली एक व्यवस्था पुढची साठ वर्षं कोणी टेबलावर ठेवून तपासलीच नाही. सुमारे ७०० हेक्टरच्या आवारात नागरी भाग कित्येक वर्षं जेमतेम १४ हेक्टर होता. आठवड्याचे पाच दिवस, सकाळी साडेआठ ते दुपारी एक, धावपट्टी नौदलाच्या सरावासाठी राखीव. १९८७ मध्ये परदेशी पर्यटकांची चार्टर विमानं थेट दाबोळीला उतरायला लागली (तेव्हा काही गोंयकारांनी त्या पर्यटकांचं स्वागत शेणानं केलं होतं, ती वेगळीच कथा), गोवा जगाच्या नकाशावर गेला, पण विमानांच्या वेळा ठरायच्या त्या सरावातून उरलेल्या तासांत. २०१८-१९ मध्ये ऐंशी लाखांहून जास्त माणसं या धावपट्टीवरून आली-गेली. ऐंशी लाख माणसं, आणि दर्जा पाहुण्याचा!

यात धोका काय, तोही बघा. १ ऑक्टोबर २००२ ला नौदलाची दोन इल्यूशिन-३८ विमानं दाबोळीजवळ आकाशात एकमेकांवर आदळली. दोन्हींतले मिळून बारा नौसैनिक गेले, खाली जमिनीवर असलेली माणसंही गेली. २०१८ च्या जानेवारीत एक मिग-२९के धावपट्टीवरून घसरलं आणि पेटलं, वैमानिक वाचला, विमानतळ बंद. त्याच वर्षी जूनमध्ये दुसऱ्या एका मिगची इंधनाची टाकी धावपट्टीवर पडून पेटली, पुन्हा बंद. लढाऊ विमानांच्या सरावात असं होणारच, त्यात कोणाचा दोष काढायचा नाही. पण सराव आणि ऐंशी लाखांची ये-जा एकाच पट्टीवर ठेवायची की नाही, हा प्रश्न निवडून दिलेल्या माणसांनी उघडपणे सोडवायला हवा होता. जमीन किती कोणाची, तास किती कोणाचे, हे कागदावर यायला हवं होतं, वाद घालून, मत टाकून.

आपण काय केलं? आपण दुसरा विमानतळ बांधला.

केंद्रीय मंत्रिमंडळानं २००० मध्ये मोपाला मंजुरी दिली तेव्हा त्यात अट होती, की मोपा सुरू झाला की दाबोळीची नागरी वाहतूक बंद. म्हणजे १९६२ चा तो निर्णय पूर्णत्वाला न्यायचा, तोही चाळीस वर्षांनी आणि आता कसलंही युद्ध नसताना. दक्षिण गोव्यातून ओरड झाली, २०१० मध्ये अट बदलली, दोन्ही चालू ठेवायचं ठरलं. पेडण्याच्या पठारावर हजारो झाडं पडली. बाराझणची धनगर कुटुंबं, जी पिढ्यानपिढ्या तिथे गुरं राखत होती, ती उठवून दुसरीकडे नेऊन ठेवली. सर्वोच्च न्यायालयानं मार्च २०१९ मध्ये पर्यावरण परवानगीला स्थगिती दिली, जानेवारी २०२० मध्ये ती उठवली. ११ डिसेंबर २०२२ ला उद्घाटन, ५ जानेवारी २०२३ पासून विमानं. मनोहर पर्रीकरांचं नाव दिलं. विमानतळ देखणा आहे, मी उतरले आहे तिथे, कॉफीही बरी मिळते. सावंतवाडीच्या माझ्या नणंदेला तर तो वरदानच वाटतो, आणि तिच्या जागी मी असते तर मलाही वाटला असता. पण त्या पठारावरच्या धनगराला कोणी सांगितलं का, की बाबा, तुझं घर जातंय त्याचं एक मोठं कारण १९६१ च्या डिसेंबरात इथून साठ-सत्तर किलोमीटरवर झालेलं छत्तीस तासांचं युद्ध आणि त्यानंतर कोणी न सोडवलेला हिशेब हे आहे?

हे फक्त गोव्याचं दुखणं नाही म्हणून जास्त चीड येते. आमचं लोहगाव बघा. तेही वायुदलाचं. धावपट्टी त्यांची, आपण पाहुणे. २०२१ च्या ऑक्टोबरात तिच्या दुरुस्तीसाठी पुण्याचा विमानतळ सलग चौदा दिवस बंद होता. यावर वर्षानुवर्षं उपाय काय सांगितला गेला? नवीन विमानतळ, पुरंदरला. तिथल्या सात गावांतले लोक अंजिराच्या आणि सीताफळाच्या बागा वाचवायला रस्त्यावर उतरले. ज्या तळावरून कॅनबेरा उडाल्या तो आणि ज्या तळावर बॉम्ब पडले तो, दोघांची गत शेवटी एकच, आणि दोन्हीकडे किंमत मोजायला उभा केला तो तिसराच, पठारावरचा शेतकरी नाहीतर धनगर.

युद्धात सापडलेला विमानतळ आपोआप परत येत नसतो. सायप्रसचं निकोसिया आठवा. १९६८ मध्ये झकास टर्मिनल उभं राहिलं, १९७४ च्या युद्धात विमानतळ बंद पडला आणि संयुक्त राष्ट्रांच्या पट्ट्यात अडकला. टर्मिनलमध्ये कबुतरं, बाहेर एक मोडकं ट्रायडंट विमान. सायप्रसवाल्यांनी १९७५ मध्ये लार्नाकाला दुसरा विमानतळ सुरू केला आणि जुन्याला दुरून बघत राहिले. त्यांच्याकडे निदान मधोमध काटेरी तारा आणि दोन फौजा होत्या. आपल्याकडे काय होतं? आपल्याच देशाचं नौदल, आपलंच नागरी खातं, आपलंच राज्य सरकार. तिघांनी एका खोलीत बसायचं होतं.

आता म्हणे दाबोळी बंद होणार नाही. मंत्र्यांनी हे इतक्या वेळा सांगितलं आहे की तेवढ्यानंच धास्ती वाटावी. काही परदेशी विमान कंपन्या मोपाला गेल्या, त्यांना जिथे तासांचं बंधन नाही ती जागा हवी, त्यात त्यांचं काय चुकलं? पण असं एकेक विमान निघून गेलं तर बंद करायचा हुकूम कोणाला काढावाच लागणार नाही. एक दिवस दाबोळीचं नागरी टर्मिनल आपोआप रिकामं होईल, आणि वास्को, मडगाव, काणकोणच्या माणसांना सांगितलं जाईल की प्रवासीच नव्हते हो. टॅक्सीवाले, सामान चढवणारी पोरं, चिखलीत खोल्या भाड्यानं देणाऱ्या बायका यांनी मग कोणाकडे जायचं? मोठ्या मामा, तुझ्याच गल्लीत चारजण टॅक्सी चालवतात. पोर्तुगिजांच्या विमानतळासाठी रडका चेहरा टाकलास, त्यांच्यासाठी एकदा ग्रामसभेत हात वर कर की. आणि धाकट्या मामा, तू तर पंचवीस वर्षं सरकारी नोकरी केलीस. माहितीच्या अधिकारात एक अर्ज टाक: १९६२ मध्ये दाबोळी नौदलाकडे गेली ती कोणत्या कागदानं, किती जमिनीसह आणि किती काळासाठी? शुल्क दहा रुपये. तिरंग्यांपेक्षा थोडं जास्त, पण परवडेल तुला.

दोन वर्षांपूर्वी मी पुण्याहून थेट दाबोळीला गेले होते, आजीच्या वर्षश्राद्धाला. लोहगावला विमानात बसल्याबसल्या सूचना झाली, हा संरक्षण दलाचा विमानतळ आहे, फोटो काढण्यास मनाई आहे. तासाभरात दाबोळीला टेकलो, तीच सूचना, त्याच आवाजात. शेजारी एक शाळकरी मुलगी होती. तिनं आईला विचारलं, "अगं, आपण निघालो की नाही अजून?"

बाहेर मोठा मामा न्यायला आला होता. घरी जाताना मुद्दाम बोगमाळोच्या रस्त्यानं गाडी घ्यायला लावली. नौदलाच्या विमान संग्रहालयात एक सुपर कॉन्स्टेलेशन उभं आहे. ते आपलं, आधी एअर इंडियाचं, मग नौदलाचं. पण जात तीच, तीन शेपट्यांची. मामा कुंपणाबाहेर गाडी थांबवून बराच वेळ बघत राहिला. म्हणाला, "त्या रात्री आवाज असाच असणार याचा." मग गाडी सुरू करता करता पुढे म्हणाला की आजीनं त्याला त्या रात्रीबद्दल आणखी एक गोष्ट सांगितली होती, पण ती फोनवर सांगण्यासारखी नाही.

मामा, समोर बसून तरी कुठे सांगितलीस? दशमीच्या गडबडीत राहून गेलं. आता लिहूनच पाठव. ग्रुपवर नको, मला एकटीला. धाकट्या मामा, तू तेव्हा तीन वर्षांचा होतास आणि खाटेखाली झोपला होतास, त्यामुळे तुझी साक्ष चालणार नाही. :-)